कांबळे सिस्टरांचा कान

बदक नर आहे की मादी हे ओळखायचं तर तीन गोष्टी पाहायच्या. आधी आवाज, मग शेपटी, आणि रंग सगळ्यात शेवटी, तोही फारसा विश्वास न ठेवता. हा क्रम कांबळे सिस्टरांचा. मी तो लगेच पाठ केला, कारण क्रमाने सांगितलेली गोष्ट मला चटकन पटते. स्वतः सिस्टरांना मात्र दुसऱ्या-तिसऱ्या पायरीची गरजच पडायची नाही. अंगणात पाठमोऱ्या बसून त्या लसूण सोलत असायच्या, मागे बदकांचा कालवा चाललेला असायचा, आणि मान न वळवता त्या मला म्हणायच्या, "वहिनी, त्यो बारका नर कुठं दिसतोय काय बघा जरा. मगापास्नं गप हाय." मी जाऊन बघावं तर तो खरंच कुंपणाच्या जाळीत पाय अडकवून बसलेला असायचा.

मादी ओरडते. पॅक पॅक पॅक, गल्लीच्या टोकापर्यंत. नराला तसं ओरडता येत नाही. घसा बसलेल्या माणसाने कानाशी बोलावं तसा त्याचा घोगरा, दबका आवाज. सिस्टर म्हणायच्या, "बदकांत बायका बोलत्यात आणि गडी कुजबुजत्यात. म्हणून तर ही जात मला आवडली."

नराच्या शेपटीवर एक-दोन पिसं वर वळलेली, कुरळी असतात. पण ती यायला चार महिने लागतात, आणि जुनी पिसं झडण्याच्या दिवसांत तीही गळतात. खाकी जातीत मोठ्या नराचं डोकं गडद होतं, त्यावर हिरवट झाक येते. पांढऱ्या बदकांत तेवढीही सोय नाही. म्हणून आवाज पहिला. आणि आवाज म्हटलं की कळंब्याच्या आमच्या भागात एकच नाव.

सुमन कांबळे हे त्यांचं पूर्ण नाव मला मतदारयादीमुळे कळलं. सगळ्यांच्या तोंडी त्या 'सिस्टर' होत्या. नोकरीची बहुतेक वर्षं त्यांनी नेसरीकडच्या गावांत आरोग्यसेविका म्हणून काढली. निवृत्त झाल्यावर कळंबा तलावाच्या पलीकडे दोन खोल्या बांधल्या आणि एकट्या राहू लागल्या. उंच, सावळ्या, चालताना पुढे झुकलेल्या. निवृत्तीनंतरही छातीवर उलटं घड्याळ पिनेने लावलेलं असायचं. सकाळची वंदना झाली की हात कोपरापर्यंत धुवायचे आणि मग बदकांना सोडायचं. कुणाच्याही घरी गेल्या की आधी नजर पिण्याच्या पाण्याच्या भांड्यावर. झाकण नसेल तर नमस्काराच्या आधी त्याचा उद्धार. आमच्या घरी पहिल्यांदा आल्या तेव्हा त्यांनी माझ्या पाहुण्या जावेची नखं बघितली आणि म्हणाल्या, "पावणं, पिशवीत नेलकटर हाय. काढू?"

बदकं त्यांनी हौसेने पाळली नव्हती. पहिल्याच पावसाळ्यात त्यांच्या परसातली मेथी, पालक आणि दोडक्याचा वेल गोगलगायींनी खाऊन टाकला. मीठ टाकून झालं, वेचून झालं. मग कुणीतरी म्हणालं बदकं सोडा. सोडली. गोगलगायी गेल्या, बदकं राहिली. "औषध लागू पडलं आणि घरातच ऱ्हायलं," हे त्यांचं त्यावरचं बोलणं.

कानाचा अभिमान मात्र जुना होता. त्यांच्या काळी बाळाचे ठोके ऐकायला लाकडी नळी असायची. ती पोटावर टेकवायची, दुसऱ्या टोकाला कान लावायचा आणि श्वास रोखून ऐकायचं. बाहेर पाऊस कोसळत असला, शेजारी म्हैस हंबरत असली तरी ठोका सापडायलाच हवा. सिस्टरांना तो सापडायचा. त्या काळातली एक गोष्ट त्या सारखी सांगायच्या. नळी पोटावरून उचलली रे उचलली की दारातून सासू विचारायची, "काय हाय?" तिला ठोका नको असायचा, मुलगा की मुलगी ते हवं असायचं. नळीतून ते कळत नाही हे सांगून लोकांना पटायचं नाही. सिस्टरांना कळतं आणि त्या लपवतात, असाच समज. त्यांचं उत्तर ठरलेलं होतं. "माणूस हाय. वेळ आली की सोताच्या तोंडानं सांगंल."

आणि मुलगी झाली की त्या स्वतःच्या पिशवीतून पेढे काढायच्या. लोक म्हणायचे, सिस्टर, मुलीची बर्फी असते. त्या म्हणायच्या, "दुकानात पेढं संपल्यात व्हय?"

बदकांच्या जगात सगळं उलटं. इथे सगळ्यांना माद्याच हव्या. अंडी द्यायची ती मादी. पाच-सहा माद्यांना एक नर पुरतो. नर जास्त झाले की माद्यांच्या मानेवर पिसं उरत नाहीत, पाण्यात त्यांना दाबून धरतात. सिस्टरांना याची मोठी मौज वाटायची. बदकाची पिल्लं आणलेली एखादी बाई काळजीने विचारायची, "सिस्टर, पोरीच असतील न्हवं?" की त्या हसायच्या, खूप वेळ हसायच्या. त्या बाईला कळायचं नाही यात हसण्यासारखं काय आहे.

एकदा रविवारच्या बाजारात मी त्यांच्याबरोबर होते. एक विक्रेता हाऱ्यात पांढरी बदकं घेऊन बसला होता. "सगळ्या माद्या हायत, मावशी. शेपट्या बघा की, एक तर पीस वळलंय काय?" खरंच एकही पीस वळलेलं नव्हतं. त्याने एक बदक पाय धरून उलटं वर काढलं.

"पाय सोड आधी," सिस्टर म्हणाल्या. "बदकाचा पाय काडीगत असतोय. तुझा पाय धरून तुला टांगू काय?"

त्यांनी बदक पंखांसकट काखेत घेतलं, कान त्याच्या चोचीजवळ नेला. बदक घुसमटल्यासारखं काहीतरी बोललं. मग सिस्टरांनी शेपटीवरून अंगठा उलटा फिरवला.

"ही भोकं कसली रं?"

"कुठली भोकं?"

"सकाळी दाढी केलीस व्हय ह्याची?"

आजूबाजूचे विक्रेते हसायला लागले. पठ्ठ्याने नरांची कुरळी पिसं उपटून आणली होती. सिस्टरांनी तिथे उभं राहून त्याला फार सोलला नाही. हाऱ्यातून दोन खऱ्या माद्या निवडून घेतल्या आणि जाताना सांगितलं, "उपटलेल्या जागी हळद लाव. माशी बसंल." पुढे कधी त्या बाजारात दिसल्या की तो त्यांच्या आधीच नर वेगळे काढून ठेवायचा.

आता राणीचं सांगायला हवं, कारण सिस्टर मला खऱ्या अर्थाने कळल्या त्या तिच्यामुळे.

आमच्या घरापासून चौथं घर आबा पाटलांचं. राणी त्यांची सून. नवरा फौंड्रीत पाळीला जायचा. राणी लग्नाआधी एका दुकानात कामाला होती. इथे आल्यावर घर, म्हैस आणि रान यांत तिचे दिवस जायचे, पण स्वतःचं असं काहीतरी करायचं तिच्या डोक्यातून जात नव्हतं. आबांच्या रानाचा एक कोपरा खोलगट होता. तिथे पावसाळाभर पाणी साचायचं आणि ऊस कुजायचा. कोपऱ्याच्या शेजारून नवा रस्ता झाला आणि त्या पडीक जागेला अचानक भाव आला. एक जण तिथे गाड्या धुवायचं वॉशिंग सेंटर टाकायला तयार होता. नेमकी तेव्हाच राणीने ती जागा बदकांसाठी मागितली.

आबा कमी बोलणारे. ते म्हणाले, "दिवाळीपतूर बघ. अंडं दिसलं तर जागा तुझी. न्हाय दिसलं तर वॉशिंग सेंटर. मग पुन्हा तोंड काढायचं न्हाय."

राणीने वैशाखात खाकी जातीची पिल्लं आणली. नर-मादी न निवडलेली, सरसकट. टोपलीवरचं फडकं काढायच्या आधीच आबांनी सिस्टरांना बोलावून आणलं.

"किती नर, किती माद्या, आत्ताच सांगा. फसलं असंल तर आत्ताच कळू दे."

"दोन महिनं थांबा, आबा."

"तुम्ही नर्स न्हवं? पिल्लू उलटं करून बघत्यात म्हंत्यात."

"बघत्यात. दाबून बघायला लागतंय. हात बसलेला नसला तर पिल्लाला आतनं इजा होती. आणि हात बसलेला असता तरी मी बघितलं नसतं." सिस्टरांनी फडकं पुन्हा टोपलीवर ओढलं. "आवाज फुटू दे. सांगत्याल त्यांचं ते."

आबा पुटपुटत गेले. राणीने ते दोन महिने एखाद्या परीक्षेसारखे काढले. पाण्याची उथळ भांडी, कोरडं तूस, मुंगसाला अडवायला बारीक जाळी, सगळं सिस्टर सांगतील तसं. रोज संध्याकाळी ती सिस्टरांच्या पायरीवर बसून प्रश्न विचारायची आणि सिस्टर उत्तरं द्यायच्या.

ती उत्तरं कधीकधी भलत्याच प्रश्नाची असायची. हे आम्हा सगळ्यांच्या लक्षात यायला लागलं होतं. फाटकातून हाक मारली तर त्या वळायच्या नाहीत. टीव्ही आमच्या घरात ऐकू यायचा. फोन वाजून वाजून बंद पडायचा. "आजकाल माणसं तोंडातल्या तोंडात बोलत्यात," अशी त्यांची तक्रार असायची. आम्ही जरा मोठ्याने बोलायला लागलो, एवढंच. ज्यांच्या कानावर सगळा परिसर विसंबून होता, त्यांना त्यांच्या कानाबद्दल काय सांगणार?

आषाढात एका भुरभुरत्या सकाळी निवड झाली. सिस्टर खुर्चीवर बसल्या, दोन्ही बाजूंना दोन खुराडी. राणी एकेक बदक उचलून देणार, सिस्टर कान लावणार. "नर. नर. मादी. नर. नर." डावीकडचं खुराडं भरत चाललं आणि उजवीकडचं रिकामंच दिसत होतं. राणी मधेच थांबून म्हणाली, "सिस्टर, इतकं नर?"

"घसा बसलेला हाय त्यो नरच. मी काय नवीन हाय व्हय?"

सगळं संपलं तेव्हा तीन हिश्श्यांतले दोन हिस्से नर निघाले होते. छत्री घेऊन उभे असलेले आबा म्हणाले, "फसवलं तुला. उरल्यात त्या माद्यांत काय भागतंय?" नर पोसणं परवडणारं नव्हतं. रविवारी रस्त्यावरचा एक हॉटेलवाला ते घेऊन जाणार असं ठरलं. सोमवारी वॉशिंग सेंटरवाला जागा मोजायला येणार, हेही आबांनी त्याच दमात ठरवून टाकलं.

शनिवारी संध्याकाळी मी चहा ठेवत होते आणि बदकांचा असा काही गलका उठला की मी गॅस बंद करून बाहेर आले. राणीच्या कुंपणाशी एक कुत्रं आलं होतं. तिने ते हाकललं होतं तरी आवाज थांबत नव्हता. आवाज डावीकडच्या खुराड्यातून येत होता. नरांच्या.

राणी माझ्याकडे बघत म्हणाली, "वहिनी, नर असं वरडत्यात व्हय?"

दोघींनाही उत्तर माहीत होतं.

"तुम्ही सांगा त्यांना," ती म्हणाली.

"तुझी बदकं आहेत."

"मी कसं सांगू? कान हाय म्हणून तर समदी त्यांना इचारत्यात. त्योच गेला म्हणून सांगू?"

"नाही सांगितलंस तर उद्या माद्या हॉटेलात जातील."

तिने ओठ चावला. मग खुराड्यात वाकून सगळ्यात जास्त ओरडणारं बदक शोधलं, काखेत घेतलं आणि पदर खोचून सिस्टरांच्या घराकडे निघाली. मी मागे गेले.

सिस्टर पायरीवर बसल्या होत्या. राणीने आवाजाचं नाव काढलं नाही. बदक सरळ त्यांच्या मांडीवर ठेवलं आणि त्यांच्या समोर बसून, त्यांना ओठ दिसतील असं सावकाश म्हणाली, "ही मगापास्नं गप बसंना, सिस्टर. काय दुखतंय काय बघा."

बदकाने चोच उघडली आणि तोंड भरून ओरडायला सुरुवात केली. सिस्टरांचा एक हात सवयीने त्याच्या छातीखाली गेला होता. त्यांनी चोचीकडे पाहिलं. मग आपल्या हाताकडे. मग राणीकडे.

"ही वरडालीय?"

"व्हय."

"किती मोठ्यानं?"

राणीने मागच्या बाजूला हात केला. "तळ्यापतूर जात असंल."

सिस्टरांचा चेहरा तेव्हा कसा झाला ते मी लिहिणार नाही. त्यांनी डोळे मिटले. चार बोटं बदकाच्या गळ्याच्या मुळाशी, छातीला लागून ठेवली, मनगटावर नाडी बघतात तशी. बदक पुन्हा ओरडलं.

"हाताला लागतंय की," त्या हळूच म्हणाल्या. "ढोल वाजल्यागत लागतंय. कुठल्या खुराड्यातली ही?"

"नरांच्या."

त्या उठल्या. आत जाऊन हात कोपरापर्यंत धुतले, चपला घातल्या आणि बाहेर येऊन म्हणाल्या, "चल. समदी परत काढूया. उद्या त्यो हॉटेलवाला यायचा हाय."

रात्र पडायच्या आत उरकायचं होतं. यावेळी पद्धत वेगळी ठरली आणि ती त्यांनीच ठरवली. "तू कान लाव, मी हात लावतो. दोघींचं जुळलं तरच खुराड्यात घालायचं. न्हाय जुळलं ते मधी ठेवायचं." मी घरून लाल लोकर आणली आणि मादी ठरलेल्या प्रत्येकीच्या पायात सैल गाठ मारून दिली. राणी बदकाचं डोकं कानाशी नेऊन ऐकायची, सिस्टर डोळे मिटून बोटं ठेवायच्या, आणि दोघी एकदम बोलायच्या. "मादी." "मादी." नराचा आवाज बोटांना जेमतेम लागायचा. सिस्टर म्हणायच्या, "ह्याचं नुसतं भांडं उकळतंय आत." काही पिल्लांचे आवाज अजून पुरते फुटलेले नव्हते. पहिल्या निवडीच्या वेळी तर त्याहून कमी फुटले असणार, आणि सिस्टरांना ते सगळेच घोगरे वाटले होते. मधल्या टोपलीत चार-पाच राहिली, ती नंतर बघू म्हणून ठेवली. बाकीच्यांत माद्या नरांपेक्षा कितीतरी जास्त निघाल्या. राणी एका बाजूला लोकर बांधलेले लाल पाय बघत उभी राहिली आणि तिला हसू आवरेना.

सकाळी सिस्टर स्वतः आबांच्या सोप्यात गेल्या. राणीने नको नको म्हटलं होतं. 'मोजताना चूक झाली' असं सांगून भागलं असतं. सिस्टरांना ते चालणार नव्हतं.

"आबा, पोरीला कुणी फसवलं न्हाय. पिल्लं चांगली हायत. चूक माझी झाली. माझा कान गेलाय."

आबा सुपारी कातरत होते. हात थांबला. "कधीपास्नं?"

"काय म्हाईत. ऐकू येत न्हाय ते ऐकू येत न्हाय की."

आबा हसू लागले, मग त्यांना वाटलं हसायला नको होतं, आणि ते पुन्हा सुपारी कातरू लागले. "मग मशीन लावा की कानाला. शहरात मिळत्यात."

"लावतो. आधी त्या वॉशिंगवाल्याला थांबवा."

"मी दिवाळी म्हटलंय," आबा म्हणाले. "मग दिवाळी."

हॉटेलवाला जास्तीचे नर घेऊन गेला. सोमवारी जागा मोजायला कुणी आलं नाही.

सिस्टरांनी मशीन लावलं. त्या दिवशी त्या रिक्षातून उतरल्या त्याच वैतागून. "माझी चप्पल इतकी वाजती व्हय? इतकी वर्षं कोण बोललं न्हाय." कुकरची शिट्टी झाली की दचकायच्या. टीव्हीचा आवाज आमच्या घरात यायचा बंद झाला. पण बदकांत शिरताना मशीन काढून त्या पिनांच्या डबीत ठेवायच्या. "ह्यात सगळीच भांडी घासल्यागत वरडत्यात. बोटं बरी." नंतर नंतर दुसऱ्या बायका त्यांच्याकडे बदक घेऊन आल्या की त्या बोटं ठेवायच्या आणि शेजारी राणीला बसवायच्या. राणी नसेल तर बायकांना दोन तास थांबवून ठेवायच्या. इथे असेपर्यंत एकटीच्या निकालावर त्यांनी पुन्हा काम केलं नाही, आणि याचं त्यांना काही वाटतंय असंही दिसलं नाही.

नवरात्राच्या आसपास नरांच्या शेपट्या वळायला लागल्या. एक दिवस राणी धावत आली. लाल लोकर बांधलेल्या एका 'मादी'च्या शेपटीवर छान कुरळं पीस उभं होतं.

सिस्टरांनी ते बोटाने सरळ करून पाहिलं. ते परत वळलं. "गडी बायकांत गप बसून तीन महिनं जेवला की. मी हात लावला तवा बरा ढोल वाजीवला ह्यानं."

"ढोल शेजारच्या बदकाचा असंल," राणी म्हणाली. "माझ्या कानाला ती ऐकू आली असंल."

"आता कुणाची चूक त्यावर भांडायचं काय?"

"न्हाय. ऱ्हाऊ दे त्याला. माद्या बऱ्याच हायत, आणखी एक नर लागणारच की."

मग दिवाळी जवळ आली आणि अंड्याचा पत्ता नव्हता. राणी पहाटे उठून खुराड्यातल्या तुसात हात घालायची आणि रिकामा काढायची. आबा रोज सकाळी त्या बाजूला फेरी मारायला लागले होते. तोंडाने काही विचारत नसत. नुसते बांधावर उभे राहून तंबाखू मळत, आणि राणीला तेच जास्त लागत असे. वसुबारसेच्या संध्याकाळी ती सिस्टरांपुढे येऊन बसली आणि म्हणाली, "न्हाय होणार."

सिस्टर तिच्याबरोबर रानात गेल्या. दोन-तीन माद्या एकेक करून मांडीवर घेतल्या आणि शेपटीखालची हाडं चाचपली. अंड्यावर येणाऱ्या बदकाची ती दोन हाडं एकमेकांपासून सुटतात. "आधी एक बोट बसत न्हवतं. आता दोन बसत्यात. झालंच समज."

"कवा?"

"बाळंतपणाला कवा इचारू नये. पाणी तापवून बसायचं."

नरक चतुर्दशीला आमच्याकडे पहाटेचं अभ्यंगस्नान चाललं होतं. फटाक्यांच्या आवाजात, रानात जाताना राणीने मारलेली हाक मला ऐकूच आली नाही. उजाडल्यावर गेले तेव्हा सिस्टर तिथे आधीच होत्या. राणी अंघोळ न करता तुसात शोधत होती, रोजच्यासारखी, आणि तिथे रोजच्यासारखं काही नव्हतं. खालून, पाण्याच्या कडेने, आबा येताना दिसले. डोक्यावर टोपी नव्हती. टोपी त्यांनी दोन्ही हातांत धरली होती, उलटी, आणि ते नेहमीपेक्षा फार सावकाश चालत होते.

"हितं काय हुडकतीस?" ते राणीला म्हणाले. "चिखलात घालाल्यात सगळी. पहिलटकरणी ह्या. त्यांना काय कळतंय कुठं घालायचं."

टोपीत तीन अंडी होती. दोन चिखलाने माखलेली, एक स्वच्छ, फिकट हिरव्या झाकेचं. राणीने ती हातात घेतली नाहीत. ती बांधावर बसली आणि तोंडावर पदर घेतला. सिस्टर तिच्या शेजारी बसल्या. आबांनी फोन काढला, बराच वेळ नंबर शोधला आणि कुणाला तरी ओरडून सांगितलं, "जागा गुतली. न्हाय, न्हाय. सुनंनं घेतली."

आज त्या कोपऱ्यात राणीची बदकं आहेत, आणि पलीकडची आणखी थोडी जागाही तिच्याकडे आली आहे. आबा अंडी पोचवायला स्कूटरवरून स्वतः जातात.

सिस्टर आता नाहीत. नेसरीकडेच, भाचीच्या घरी त्या वारल्या. मला दुसऱ्या दिवशी कळलं. आमच्या भागातून त्या निघून गेल्या होत्या त्याच्या आधीच्या उन्हाळ्यात. ज्या गावांत त्यांनी नोकरी केली तिथल्या काही बायकांनी राणीच्या बदकांबद्दल ऐकून त्यांना बोलावून घेतलं होतं. भाची होतीच तिथे. "दोन-चार महिनं बघून येतो," म्हणाल्या, आणि राहिल्या.

त्या निघाल्या तेव्हा मी आमच्या फाटकात उभी होते. भाड्याचा छोटा टेम्पो होता. मागे राणीने नर-मादी वेगळे करून भरून दिलेल्या बदकांच्या टोपल्या, वर ओलं गोणपाट. सिस्टर ड्रायव्हरशेजारी बसल्या, छातीवर घड्याळ, मांडीवर पिशवी. निरोप वगैरे घेण्यात त्यांनी वेळ घालवला नाही. माझ्या माठावर झाकण आहे का एवढं विचारलं आणि टेम्पो सुटला.

तलावाच्या वळणावर टेम्पो थांबला. मला वाटलं काही बिघडलं. दार उघडलं, सिस्टर सावकाश खाली उतरल्या, मागे गेल्या, गोणपाट बाजूला केलं. एका टोपलीतून एक बदक काढून काखेत घेतलं, गळ्याला बोटं लावली, आणि दुसऱ्या टोपलीत ठेवलं. गोणपाट परत नीट झाकलं. मग पुढे येऊन बसल्या, आणि टेम्पो वळणाआड गेला. तेव्हा त्यांच्या कानात मशीन होतं की नव्हतं, ते इतक्या लांबून मला दिसलं नाही.